‘लघवीची गोळी’ म्हणजे नेमकी कोणती?

पत्र : माझे वडील, आम्ही त्यांना अण्णा म्हणतो, ७१ वर्षांचे आहेत आणि कराडला राहतात. लघवीची धार बारीक झाली होती, रात्री चार-चारदा उठावं लागायचं. सोनोग्राफीत प्रोस्टेट ४८ सीसी निघाला. यूरोलॉजिस्टनी ‘टॅमसुलोसिन ०.४ + ड्युटास्टेराइड ०.५, ०-०-१’ असं लिहून दिलं आणि मेडिकलमधून युरिमॅक्स-डी मिळाली. अण्णा म्हणतात, ‘युरिमॅक्स म्हणजे लघवी वाढवणारी. मी आधीच रात्रभर उठतोय, अजून कशाला वाढवायची?’ पायावरच्या सुजेसाठी हार्टच्या डॉक्टरांची एक लघवीची गोळी, टॉर्सेमाइड, आधीपासून चालू आहेच. त्यात ‘स्टेराइड’ हा शब्द वाचून आई घाबरलीय. अमेरिकेतले काका मध्यंतरी येऊन गेले. ते स्वतः फ्लोमॅक्स घेतात, एक बाटली अण्णांसाठी ठेवून गेलेत. अण्णांचा पुढच्या महिन्यात मोतीबिंदू काढायचाय, म्हणून तोपर्यंत नवीन काही सुरू करू नये असंही घरात चाललंय. या नावांचा अर्थ काय आणि नक्की काय, कसं घ्यायचं?

— एक वाचक, पुणे

ताई, आधी घाईचं सांगतो. काकांची बाटली अण्णांच्या हाताला लागणार नाही अशी ठेवा. फ्लोमॅक्स म्हणजे टॅमसुलोसिनच. युरिमॅक्स-डीमध्येही टॅमसुलोसिन आहे. नावं वेगळी म्हणून अण्णांनी दोन्ही घेतल्या तर ०.४ आणि ०.४ मिळून ०.८ मिलीग्रॅम पोटात जाईल. तेवढा डोस काही जणांना दिला जातो, पण तो डॉक्टरांनी दोन-चार आठवडे ०.४ देऊन, परिणाम बघून वाढवलेला असतो. टॉर्सेमाइड चालू असलेल्या ७१ वर्षांच्या माणसानं एका रात्रीत तो गाठला, तर पहाटे बाथरूमला जाताना चक्कर येऊन पडायची भीती खरी आहे.

दुसरं घाईचं म्हणजे मोतीबिंदू. डोळ्यांच्या डॉक्टरांना आजच फोन करून सांगा की यूरोलॉजिस्टनी टॅमसुलोसिन लिहून दिलंय. त्याचं कारण पुढे येईल.

आता अण्णांचा प्रश्न. तो हसण्यावारी नेण्यासारखा नाही. आपल्याकडे ‘लघवीची गोळी’ म्हटलं की अंगातलं पाणी काढणारी गोळी डोळ्यासमोर येते. सुजेला, बीपीला, हृदयाला देतात ती. टॉर्सेमाइड, फ्युरोसेमाइड ही त्यातली नावं. ही औषधं मूत्रपिंडावर काम करतात आणि लघवी खरोखरच जास्त तयार करायला लावतात. टॅमसुलोसिनचा मूत्रपिंडाशी संबंध नाही. मूत्राशयाचं तोंड आणि त्याखालची पुरुषांमधली ग्रंथी, म्हणजे प्रोस्टेट, यांत आपल्या इच्छेवर न चालणारे बारीक स्नायू असतात. ते आवळलेले राहिले की मधली वाट अरुंद होते. टॅमसुलोसिन त्यांना सैल करतं, बस्स. एक गोळी टाकीत पाणी वाढवते, दुसरी नळाची चावी मोकळी करते. दिवसभरात होणारी एकूण लघवी टॅमसुलोसिननं वाढत नाही. ती एका वेळी नीट बाहेर पडते, मूत्राशयात मागे कमी उरते, आणि म्हणूनच रात्रीच्या खेपा कमी व्हायला मदत होते.

तेव्हा ‘युरिमॅक्स’मधलं मॅक्स अण्णांनी लघवीच्या मापाला जोडलं, ते धारेला जोडायचं होतं. अमेरिकेतलं ‘फ्लोमॅक्स’ हे नाव यापेक्षा बोलकं आहे, फ्लो म्हणजे धार. पण दोन्ही कंपन्यांनी ठेवलेली नावं. कानाला बरी वाटावीत, डॉक्टरांच्या लक्षात राहावीत एवढ्यासाठी ठेवतात. त्यांतून औषधाचा गुण काढायला जाऊ नये.

काढायचाच तर मूळ नावातून काढा. औषधाचं मूळ नाव जागतिक आरोग्य संघटनेच्या यादीतून येतं. १९५३ साली तिची पहिली यादी निघाली, आणि तेव्हापासून सारखं काम करणाऱ्या औषधांच्या नावांना सारखं शेपूट लावायची पद्धत रुळली. टॅमसुलोसिन, सिलोडोसिन, अल्फुझोसिन, टेराझोसिन, डॉक्साझोसिन, प्राझोसिन ही नावं एका दमात मोठ्यानं म्हणून बघा. शेवट सगळ्यांचा सारखा, आणि काम एकाच जातीचं. ही सगळी अल्फा ब्लॉकर, म्हणजे अशा स्नायूंना मिळणारा आवळण्याचा निरोप अडवणारी. यातली जुनी नावं, म्हणजे प्राझोसिन, टेराझोसिन, डॉक्साझोसिन, रक्तवाहिन्यांवरही जोरात चालतात, म्हणून बीपीसाठी आली. टॅमसुलोसिन आणि सिलोडोसिन प्रोस्टेटमधल्या स्नायूंकडे जास्त ओढ असलेली, त्यामुळे बीपी त्या मानानं कमी उतरवतात. कमी उतरवतात, अजिबात नाही असं नव्हे. शेपूट देवनागरीत वाचताना जरा फसगत होऊ शकते. बाळंतपणात देतात ते ऑक्सिटोसिनही कानाला तसंच लागतं, पण इंग्रजी स्पेलिंग वेगळं आणि जातही वेगळी. शंका आली तर मेडिकलवाल्याला सरळ विचारायचं, ‘हे अल्फा ब्लॉकर आहे का?’

याचा घरात उपयोग काय? प्रोस्टेट वाढलेल्या पुष्कळांना बीपीही असतं. बीपीचे डॉक्टर वेगळे, लघवीचे वेगळे, आणि दोघांच्या चिठ्ठ्या वेगवेगळ्या मेडिकलमध्ये जातात. किडनीचा त्रास असलेल्यांना बीपीसाठी प्राझोसिन बऱ्याचदा असतं. त्यावर टॅमसुलोसिन आलं की एकाच जातीच्या दोन गोळ्या झाल्या. ब्रँडच्या नावांवरून हे कुणाच्या बापाला कळायचं नाही. मूळ नावं शेजारी-शेजारी लिहिली की लगेच दिसतं. अण्णांच्या सगळ्या पट्ट्या टेबलावर उलट्या करून ही यादी एकदा कराच. २०१८ च्या नियमबदलानंतर पट्टीवर मूळ नाव ब्रँडपेक्षा मोठ्या अक्षरात यायला लागलंय, तेव्हा भिंगाची गरज पडू नये. ‘टॅमसुलोसिन हायड्रोक्लोराइड’ असं लिहिलेलं दिसेल. हायड्रोक्लोराइड म्हणजे ते औषध ज्या क्षाराच्या रूपात आहे ते. वेगळं औषध नाही. पुढे ‘आय.पी.’ असेल तर ती भारतीय औषधकोशाची खूण.

आईंची भीती आता. ‘-स्टेराइड’ हेही शेपूटच आहे. ड्युटास्टेराइड, फिनास्टेराइड. टेस्टोस्टेरॉनचं रूपांतर शरीर डायहायड्रोटेस्टोस्टेरॉन नावाच्या जास्त कडक हॉर्मोनमध्ये करतं, आणि प्रोस्टेट त्यावरच वाढतो. हे रूपांतर करणारं एन्झाइम जी औषधं अडवतात त्यांना हे शेपूट लागतं. दमा-सांधेदुखीला देतात ती स्टेरॉइड वेगळी, जिममधली पोरं घेतात ती वेगळी. ड्युटास्टेराइडनं चेहरा सुजत नाही, साखर चढत नाही, हाडं ठिसूळ होत नाहीत. त्याचे त्रास निराळे आहेत आणि ते लपवण्यात अर्थ नाही : काही जणांची कामेच्छा कमी होते, ताठरता कमी होते, वीर्य कमी येतं, क्वचित छाती हुळहुळते किंवा वाढते. छातीत गाठ लागली किंवा स्तनाग्रातून स्राव आला तर डॉक्टरांना दाखवायचं. यातलं बरंचसं वडील मुलीला सांगणार नाहीत. डॉक्टरांशी त्यांना एकटं बोलायला पाच मिनिटं मिळतील असं बघा.

म्हणजे अण्णांच्या गोळीत दोन वेगवेगळ्या चालीची औषधं आहेत. टॅमसुलोसिन वाट सैल करतं आणि त्याचा फरक काही दिवसांत, फार तर दोन-चार आठवड्यांत जाणवतो. ड्युटास्टेराइड ग्रंथी आकसवतं, साधारण चौथा-पाचवा हिस्सा, पण त्याला सहा महिने द्यावे लागतात. ‘महिना झाला, काही गुण नाही’ म्हणून बंद करणारे इथेच चुकतात. हे दुसरं औषध लहान प्रोस्टेटला देऊन उपयोग नसतो. साधारण ३० सीसीच्या पुढच्या ग्रंथीलाच ते लागू पडतं. अण्णांची ४८ सीसी आहे, निरोगी तरुण माणसाची २०-२५ असते. तेव्हा जोडगोळी का दिली याचं उत्तर सोनोग्राफीच्या रिपोर्टातच आहे.

‘-डी’ या अक्षरानं तर अनेक घरांत गोंधळ घातलाय. युरिमॅक्स-डीमधला डी ड्युटास्टेराइडचा. युरिमॅक्स-एफमध्ये त्याच्या जागी फिनास्टेराइड ५ मिलीग्रॅम. नुसत्या युरिमॅक्समध्ये फक्त टॅमसुलोसिन. वेल्टम हा टॅमसुलोसिनचाच दुसरा ब्रँड घेतलात तर तिथं ड्युटास्टेराइडवाली गोळी ‘वेल्टम प्लस’ नावानं येते, डी नाहीच. आणि अण्णांना कधी पित्तासाठी पॅन-डी दिली असेल तर तिथला डी डॉमपेरिडोनचा. या शेवटच्या अक्षराला ठरलेला अर्थ नाही, प्रत्येक कंपनी आपापल्या सोयीनं लावते. ‘प्लस’ला तर तेवढाही नाही. म्हणून मेडिकलमध्ये ‘युरिमॅक्स द्या’ असं तोंडी सांगून पट्टी आणू नका. शेवटचं अक्षर गळलं की गोळीतलं अर्धं औषध गळतं, आणि सहा महिन्यांनी ‘प्रोस्टेट तेवढाच आहे’ असा रिपोर्ट हातात येतो.

नावांच्या आणखी दोन-तीन जोड्या जपून हाताळायच्या. युरिस्पास हे नाव कानाला युरिमॅक्सचं भावंड वाटतं, पण त्यात फ्लॅवोक्सेट असतं. ते लघवीची घाई, कळ कमी करायला मूत्राशय ढिलं पाडतं, आणि वाट आधीच अडलेली असेल तर देऊ नये असं त्याच्या माहितीपत्रकातच आहे. सिलोडोसिन आणि सिल्डेनाफिल यांचं पहिलं अक्षर सारखं दिसून घाईच्या चिठ्ठीत घोळ होऊ शकतो. पहिलं प्रोस्टेटचं, ४ किंवा ८ मिलीग्रॅम. दुसरं ताठरतेचं, २५, ५०, १००. आकडा बघितला की चूक पकडता येते. टॅडॅलाफिल मात्र दोन्हीकडे चालतं, रोज ५ मिलीग्रॅम हा डोस प्रोस्टेटच्या त्रासालाही देतात. अण्णांच्या चिठ्ठीत ते कधी आलं तर संकोचून फाडून टाकू नका, फक्त ‘टॅमसुलोसिन चालू आहे’ हे त्या डॉक्टरांना माहीत आहे ना ते विचारा, कारण दोन्ही मिळून बीपी उतरतं. आणि हृदयासाठी नायट्रेटची गोळी किंवा जिभेखालची गोळी असेल तर सिल्डेनाफिल, टॅडॅलाफिल दोन्ही वर्ज्य.

परदेशी बाटल्यांचा विषय निघालाच आहे तर हेही. टॅमसुलोसिन जपानमध्ये यामानोउची कंपनीनं काढलं, तिथं ते ‘हार्नाल’ नावानं आलं आणि नेहमीचा डोस ०.२ ठरला. अमेरिकेत १९९७ साली फ्लोमॅक्स म्हणून मान्यता मिळाली, डोस ०.४. इंग्लंडमधल्या नातेवाइकांच्या खोक्यावर ‘४०० मायक्रोग्रॅम’ लिहिलेलं असतं. ते बघून ‘तिकडे हजारपट देतात’ अशी चर्चा होते, पण ४०० मायक्रोग्रॅम म्हणजेच ०.४ मिलीग्रॅम. इटलीचा मामला अजून गमतीचा. तिथं फ्लोमॅक्स नावाखाली मॉर्निफ्लुमेट हे सूज-दुखीचं औषध विकलं जायचं, आणि अमेरिकेच्या औषध प्रशासनानं २००६ मध्ये परदेशात औषध घेणाऱ्यांना याच नावाचा दाखला देऊन सावध केलं होतं. त्याच अमेरिकेत फ्लोमॅक्स आणि हाडांसाठीचं फोसामॅक्स यांची दुकानात अदलाबदल होते म्हणूनही इशारे निघालेत. तुमच्या काकांच्या बाटलीत ड्युटास्टेराइड नाही. ती जोडी अमेरिकेत २०१० पासून ‘जॅलिन’ या वेगळ्या नावानं आहे. तेव्हा युरिमॅक्स-डीच्या जागी फ्लोमॅक्स दिली तरी हिशोब जुळत नाही, आणि सोबत दिली तर डबल होतो. काकांना बाटली परत द्या.

आता घ्यायचं कसं. ०-०-१ म्हणजे सकाळी नाही, दुपारी नाही, रात्री एक. पण ‘रात्री’ म्हणजे झोपताना पाण्याबरोबर, असं बहुतेकजण धरून चालतात आणि तिथंच गडबड होते. ही गोळी रात्रीच्या जेवणानंतर साधारण अर्ध्या तासानं घ्यायची, आणि रोज त्याच जेवणानंतर. रिकाम्या पोटी घेतली तर टॅमसुलोसिन रक्तात सुमारे ३० टक्के जास्त उतरतं, आणि त्याची रक्तातली सर्वोच्च पातळी ४० ते ७० टक्के वर जाते. गोळी तीच, डोस तोच, पण त्या दिवशी चक्कर. अण्णा आठला जेवून अकराला झोपत असतील तर गोळीची वेळ साडेआठ, अकरा नाही.

आपल्या घरांत यात आडवे येतात ते उपवास. चतुर्थीला अण्णा चंद्रोदयानंतर जेवत असतील तर गोळी त्यानंतर अर्ध्या तासानं, कितीही उशीर झाला तरी. एकादशीला साबुदाण्याची खिचडी, वरी, दाण्याची आमटी हे पोटभर खाल्लं असेल तर ते जेवणच आहे, त्यानंतर घ्यायला हरकत नाही. पण एक केळं आणि कपभर दूध यावर दिवस काढायची सवय असेल, किंवा पाणीसुद्धा न घेता उपवास असेल, तर त्या दिवसाचं काय करायचं हे यूरोलॉजिस्टना आधीच विचारून ठेवा. अशा दिवशी टॉर्सेमाइडही चालू असेल तर तो प्रश्न आधी हार्टच्या डॉक्टरांचा.

गोळी अख्खी गिळायची. नावापुढे एम.आर., एस.आर., पी.आर. असं काही असेल तर त्याचा अर्थ औषध हळूहळू सुटावं अशी तिची बांधणी केलीय. चावली, कुटली, कॅप्सूल उघडून पाण्यात घातली की दिवसभरात सुटायचं ते तासाभरात सुटतं. ड्युटास्टेराइडचा मऊ कॅप्सूल फोडला तर आतलं द्रव्य तोंडाला, घशाला झोंबतं. गिळायला त्रास होत असेल तर डॉक्टरांना तसं सांगा, घरी कुटू नका.

०.४ लिहिताना शून्य आणि टिंब दोन्ही स्पष्ट काढा. घरातल्या डायरीत नुसतं ‘.४’ लिहिलं की टिंब पुसट होतं आणि पुढच्या माणसाला ४ दिसतं. सिलोडोसिन ४ मिलीग्रॅमचं खरंच मिळतं, त्यामुळे ही चूक कुणाला खटकतही नाही.

एखाद्या रात्री राहून गेली तर त्याच दिवसात पुढच्या खाण्यानंतर घ्या, दुसऱ्या दिवशी आठवलं तर सोडून द्या. दोन एकदम नकोत. चार-पाच दिवस सलग राहिली, गावाला गेले आणि पट्टी घरीच राहिली, असं झालं तर परत सुरू करण्याआधी डॉक्टरांना फोन करा. शरीराची सवय मोडलेली असते आणि पुन्हा पहिल्या डोससारखी चक्कर येऊ शकते.

टॉर्सेमाइड सकाळीच. चिठ्ठीत १-०-० असेल तर ते तसंच हवं. डब्यात ‘लघवीची गोळी’ असे दोन कप्पे असतील आणि सकाळ-रात्र उलटली, तर अण्णा रात्रभर उठतील, आणि सगळा दोष नव्या गोळीवर जाईल. डब्यावर मूळ नावं लिहा. घरात बोलतानाही ‘सुजेची’ आणि ‘धारेची’ असं वेगळं म्हणायला लागा, ‘लघवीची’ हा शब्द काही दिवस रजेवर पाठवा.

पहिले आठ-दहा दिवस उठण्या-बसण्याकडे लक्ष हवं. झोपेतून उठताना आधी कुशीवर, मग काठावर पाय सोडून मिनिटभर बसायचं, मग उभं राहायचं. रात्री लघवीला बसून जावं. उभ्यानं, अर्धवट झोपेत, मूत्राशय रिकामं होताना बीपी अजून खाली जातं आणि माणूस न्हाणीत कोसळतो. घरात भारतीय पद्धतीचा संडास असेल तर ओणवं बसून झटक्यात उठायचं नाही, आणि शेजारी धरायला कडी बसवून घ्या. ते शंभर-दोनशे रुपयांचं काम आहे, खुब्याचं हाड मोडण्यापुढे काहीच नाही. बीपीचं मशीन असेल तर एक तपासणी घरीच करता येते : पाच मिनिटं आडवं झोपवून बीपी घ्या, मग उभं करून एका मिनिटानं आणि तीन मिनिटांनी घ्या. वरचा आकडा २० किंवा खालचा १० नं उतरत असेल तर तिन्ही आकडे लिहून दोन्ही डॉक्टरांना कळवा. टॉर्सेमाइड किंवा बीपीच्या गोळ्यांचा डोस त्यांना बघावा लागेल.

मोतीबिंदूकडे परत. टॅमसुलोसिन डोळ्याच्या बाहुलीभोवतीच्या स्नायूवरही चालतं. ऑपरेशनच्या वेळी बाहुली मोठी राहावी लागते. या औषधावर असलेल्यांची ती ऐनवेळी आकसते आणि बुबुळाचा पडदा लुळा पडून मध्ये येतो. अमेरिकेतले डेव्हिड चँग आणि जॉन कॅम्पबेल यांनी २००५ मध्ये हे वर्णन केलं आणि तेव्हापासून डोळ्यांचे सर्जन हा प्रश्न मुद्दाम विचारतात. त्यांना आधी माहीत असलं की ते तयारीनं उतरतात, वेगळी औषधं आणि बाहुली धरून ठेवणारी रिंग हाताशी ठेवतात. माहीत नसलं तर अडचण. गोळी दोन-चार आठवडे बंद करून हा धोका जातो असं नाही. ती पूर्वी घेऊन बंद केलेल्यांनाही असं झालंय. म्हणून आपल्या मनानं बंद करण्यापेक्षा सांगणं महत्त्वाचं. अण्णांनी अजून सुरू केली नसेल तर आधी मोतीबिंदू उरकून मग गोळी, हा पर्याय दोन्ही डॉक्टर मिळून ठरवू शकतात, आणि ऑपरेशन महिन्यावर आलेलं असताना तो विचारण्यासारखा आहे. लघवी फारच अडत असेल तर मात्र थांबणं परवडणार नाही.

सल्फाची ॲलर्जी असेल तर तेही आधी बोला. टॅमसुलोसिनच्या रेणूत सल्फोनामाइड गट आहे. सल्फावर पूर्वी गंभीर प्रतिक्रिया आलेल्यांत क्वचित त्रास झालाय.

ड्युटास्टेराइडचे दोन नियम घरच्यांसाठी आहेत. पट्टीतला कॅप्सूल फुटलेला, गळका असेल तर गरोदर किंवा गरोदर राहू शकेल अशा बाईनं त्याला हात लावायचा नाही. औषध कातडीतून आत जातं आणि पोटातल्या मुलग्याच्या जननेंद्रियांच्या वाढीत बाधा आणू शकतं. चुकून लागलं तर लगेच साबण-पाण्यानं धुवायचं. गोळ्यांचा डबा सून किंवा मुलगी भरत असेल तर हे तिला माहीत हवं. आणि शरीरातून ते जायला फार वेळ घेतं, बंद केल्यावरही महिनोन्‌महिने रेंगाळतं, म्हणून शेवटच्या गोळीनंतर सहा महिने रक्तदान नाही. अण्णांचं वय रक्तदानाच्या पुढचं आहे, पण हेच औषध आता केस गळतीसाठी तिशीतली मुलंही घेतात. त्यांना रक्तपेढीत हा प्रश्न येतो. तीच गत फिनास्टेराइडची : १९९२ साली ५ मिलीग्रॅम प्रोस्टेटसाठी ‘प्रॉस्कार’, १९९७ ला १ मिलीग्रॅम टकलासाठी ‘प्रोपेशिया’. एकाच घरात बाप आणि लेक एकच औषध दोन नावांनी घेत असतात आणि दोघांनाही पत्ता नसतो. लेकानं बापाची गोळी तोडून घेऊ नये, तिचा भुगा घरभर होतो.

पीएसए, म्हणजे प्रोस्टेटच्या कॅन्सरचा अंदाज घ्यायला करतात ती रक्ततपासणी, हिच्याबद्दल मात्र अण्णांच्या फाइलच्या पहिल्या पानावर लाल पेननं लिहून ठेवा. ड्युटास्टेराइड किंवा फिनास्टेराइड सहा महिने घेतल्यावर रक्तातला पीएसए साधारण निम्मा होतो. रिपोर्टावर २.४ आलं, शेजारी ‘नॉर्मल’ छापलं, तरी तो ४.८ समजून वाचायचा. लॅबला हे माहीत नसतं, नव्या डॉक्टरांना तुम्ही सांगितल्याशिवाय कळणार नाही. गोळी सुरू करण्याआधीचा पीएसए झालेला नसेल तर सुरू करण्यापूर्वी करून घ्या, नाहीतर पुढे तुलना कशाशी करणार? आणि खाली गेलेला आकडा गोळी नियमित चालू असताना परत चढायला लागला, तर तो ‘नॉर्मल’च्या आत असला तरी दाखवायचा. ही गोळी वाढलेल्या प्रोस्टेटची आहे, कॅन्सरची नाही, आणि तिच्यामुळे कॅन्सरची खूण झाकली जाऊ नये एवढ्यासाठी हा खटाटोप.

शेजारच्या वहिनींनाही मुतखड्यासाठी हीच कॅप्सूल दिली असं कानावर आलं तर दचकू नका. मूत्रनलिकेच्या खालच्या भागात अडकलेला खडा पडावा म्हणून टॅमसुलोसिन बायकांनाही काही आठवडे देतात. प्रोस्टेट नसलं तरी ते स्नायू असतातच.

किमतीचं म्हणाल तर टॅमसुलोसिन जनऔषधी केंद्रात मूळ नावानंच मिळतं. जोडगोळी घेताना ०.४ आणि ०.५ हे दोन्ही आकडे आणि दोन्ही नावं पट्टीवर जुळवून बघा, मग ब्रँड कुठला का असेना. फक्त दर महिन्याला ब्रँड बदलत राहिला तर गोळीचा रंग-आकार बदलतो आणि अण्णा जुनी संपली नाही तोवर नवीही घेऊन बसतात. जुनी पट्टी संपल्याशिवाय नवी डब्यात टाकू नका.

शेवटचं, आणि हे सर्दीच्या दिवसांत कामाला येईल. मेडिकलमधून ‘सर्दीची गोळी द्या’ म्हणून मिळते तिच्यात बहुतेकदा क्लोरफेनिरामिन आणि फेनिलएफ्रिन असतं. पहिलं मूत्राशय सुस्त करतं, दुसरं नेमकी तीच वाट आवळतं जी टॅमसुलोसिन सैल करतंय. प्रोस्टेट वाढलेल्या माणसाची लघवी एका रात्रीत तुंबण्याचं हे नेहमीचं कारण. अण्णांना सर्दी झाली तर वाफ, मिठाच्या पाण्याच्या गुळण्या, ताप असेल तर साधं पॅरासिटामॉल, आणि बाकी काही घ्यायचं तर प्रोस्टेटचं सांगून विचारून. तरीही लघवीची भावना जोराची आहे, ओटीपोट ताणलंय, दुखतंय आणि थेंबही येत नाही असं झालं, तर जास्तीची टॅमसुलोसिन देऊन सकाळची वाट बघू नका, पाणी पाजू नका, रात्रीच दवाखान्यात न्या. तिथं नळी घालून मूत्राशय रिकामं करतात. जाताना चालू असलेल्या सगळ्या पट्ट्या पिशवीत टाका, सर्दीचीसुद्धा. थंडी वाजून ताप, लघवीतून रक्त, शुद्ध हरपणं, किंवा चार तास न उतरणारी ताठरता यांनाही हाच नियम.